तंबाखूच्या कारखान्यातून शाळेच्या मैदानापर्यंत

१५ ऑगस्ट असो, शाळेचे स्नेहसंमेलन असो किंवा एखाद्या शिबिराचा समारोप असो, मुले रांगेत उभी राहतात, एकमेकांचे हात धरतात आणि ‘हम होंगे कामयाब’ सुरू होते. हे गाणे येत नाही असे मूल आपल्या देशात शोधूनही सापडणार नाही. आई-वडिलांनी ते शाळेत म्हटलेले असते, आता मुले म्हणतात. बहुतेकांची समजूत अशी, की हे स्वातंत्र्यलढ्यातले किंवा दूरदर्शनने तयार करवून घेतलेले एखादे देशभक्तिपर गीत असावे.

पण या गाण्याचे मूळ गाव भारतात नाही. ते अमेरिकेतल्या तंबाखूच्या कारखान्यात काम करणाऱ्या गरीब बायकांच्या तोंडी वाढले आहे. ते म्हटल्यामुळे लोकांच्या तुरुंगातल्या गाद्या काढून घेण्यात आल्या, ते जिथे घुमले ते प्रार्थनाघर पुढे जाळण्यात आले आणि एका राष्ट्राध्यक्षाला भर संसदेत त्याचे शब्द उच्चारावे लागले. गाण्याने समाज बदलतो का, हा प्रश्न आपल्याकडे व्याख्यानमालांतून नेहमी विचारला जातो. त्याचे उत्तर शोधायला या एका गाण्याचा प्रवास पुरेसा आहे.

थंडीतला संप

अमेरिकेच्या दक्षिणेला साऊथ कॅरोलिना नावाचे राज्य आहे. तिथल्या चार्ल्सटन शहरात अमेरिकन टोबॅको कंपनीचा सिगार बनवण्याचा मोठा कारखाना होता. कामगारांत कृष्णवर्णीय बायकांचा भरणा मोठा. गोऱ्या आणि काळ्या कामगारांना वेगवेगळ्या जागी बसवले जाई. काळ्यांच्या वाट्याला कष्टाचे काम आणि कमी मजुरी, हे ठरलेले. ऑक्टोबर १९४५ मध्ये या कामगारांनी पगारवाढीसाठी आणि भेदभाव थांबवण्यासाठी संप पुकारला. तो पाच महिन्यांहून अधिक काळ चालला. हिवाळ्यातला पाऊस आणि थंडी अंगावर घेत संपकरी दारावर उभे राहत.

दिवस संपला की पांगण्यापूर्वी सारे मिळून एक गाणे म्हणत. ल्युसिल सिमन्स नावाची कामगार स्त्री ते अगदी संथ लयीत सुरू करी. गाणे मूळचे चर्चमधले. ‘मी’ संकटावर मात करीन अशा अर्थाचे ते भक्तिगीत दक्षिणेत बऱ्याच काळापासून म्हटले जात होते. चार्ल्स टिंडले या कृष्णवर्णीय धर्मोपदेशकाने विसाव्या शतकाच्या प्रारंभी याच आशयाचे एक भजन रचले होते, पण त्याची चाल वेगळी होती. संपाच्या दारात ‘मी’ जाऊन ‘आम्ही’ आले. बदल एका शब्दाचा. पण आत्म्याच्या मुक्तीसाठी म्हटलेले गाणे आता मजुरीसाठी, मालकाच्या दारात म्हटले जाऊ लागले.

वारकऱ्यांच्या अभंगांवर वाढलेल्या आपल्या लोकांना यात नवल वाटू नये. आपल्याकडेही सत्यशोधकांच्या आणि आंबेडकरी जलशांनी तमाशातला ओळखीचा बाज उचलला आणि त्यात नवा विचार भरला. चाल ओळखीची असली, की नवे शब्द पटकन तोंडी बसतात.

एप्रिल १९४६ मध्ये संप मिटला. पगारात थोडी वाढ मिळाली, सगळ्या मागण्या काही मान्य झाल्या नाहीत. गाणे मात्र पुढच्या प्रवासाला निघाले.

डोंगरावरची शाळा

टेनेसी राज्यातल्या डोंगराळ भागात, माँटईगल गावाजवळ ‘हायलँडर फोक स्कूल’ नावाची एक वेगळीच शाळा १९३२ पासून चालू होती. माइल्स हॉर्टन तिचे संस्थापक. इथे मुले नव्हे, तर मोठी माणसे शिकायला येत. कामगार, शेतकरी, संघटनांचे कार्यकर्ते. गोरे आणि काळे एका टेबलावर जेवत, हा त्या राज्यात गुन्हाच होता. १९५५ च्या उन्हाळ्यात रोझा पार्क्स इथल्या शिबिरात आल्या होत्या. त्यानंतर काही महिन्यांनी, १ डिसेंबर १९५५ रोजी, माँटगोमेरीच्या बसमध्ये त्यांनी गोऱ्या प्रवाशासाठी जागा सोडायला नकार दिला आणि ३८१ दिवसांचा बसबहिष्कार घडला.

माइल्स यांच्या पत्नी झिल्फिया हॉर्टन या शाळेच्या संगीताच्या प्रमुख. शिबिराला येणाऱ्या प्रत्येकाकडून त्याच्या गावचे गाणे मागून घ्यायचे आणि दुसऱ्यांना शिकवायचे, ही त्यांची पद्धत. १९४६ मध्ये चार्ल्सटनच्या संपकरी बायकांकडून त्यांना हे गाणे मिळाले. त्यांनी ते पुढच्या वर्षी पीट सीगर या लोकगायकाला शिकवले. सीगरच्या तोंडी इंग्रजीतले ‘विल’ जाऊन ‘शॅल’ आले आणि ‘वुई शॅल ओव्हरकम’ हे आजचे नाव पडले. हा बदल आपण केला की हायलँडरच्या शिक्षिका सेप्टिमा क्लार्क यांनी, हे खुद्द सीगरनाही खात्रीने सांगता येत नसे. पण ‘शॅल’ म्हणताना तोंड मोकळे उघडते आणि गाणे चांगले होते, एवढे ते सांगत.

या शाळेवर सरकारचा डोळा होताच. ३१ जुलै १९५९ च्या रात्री पोलिसांची धाड पडली. दारू सापडली असा आरोप ठेवून सेप्टिमा क्लार्क यांना पकडले. त्या वेळी माँटगोमेरीहून आलेली काही मुले-मुली तिथे होती. दिवे मालवून पोलीस खोल्या धुंडाळत होते आणि मुले अंधारात बसून होती. त्यांच्यात चौदा वर्षांची एक मुलगी होती, तिचे पुढचे नाव जमिला जोन्स. आम्ही भीत नाही, अशा अर्थाचे एक नवे कडवे तिने याच गाण्यात घालून म्हणायला सुरुवात केली. अंधारातून एकेक आवाज मिळत गेला. पुढे अनेक वर्षांनी दिलेल्या मुलाखतीत जमिला यांनी सांगितले आहे, की बंदूक असलेला एक पोलीस जवळ आला. गायचेच असेल तर इतक्या मोठ्याने गायलाच हवे का, असे त्याने विचारले. आणि विचारताना तो थरथरत होता. आपल्या आवाजात काही ताकद आहे हे तिला त्या क्षणी कळले.

मुलीच्या हातात काही नव्हते. पोलिसाजवळ बंदूक होती. तरी घाबरला तो.

नागपूरहून परतलेला तरुण

या कथेत महाराष्ट्राचाही एक धागा आहे आणि तो आपल्याकडे फारसा कुणाला ठाऊक नाही. जेम्स लॉसन हा कृष्णवर्णीय तरुण कोरियाच्या युद्धात सैन्यात जायला नकार दिल्याबद्दल तुरुंगवास भोगून १९५३ मध्ये मेथडिस्ट चर्चच्या वतीने नागपूरला आला. हिस्लॉप कॉलेजात त्याने काम केले आणि गांधीजींच्या सत्याग्रहाचा अभ्यास केला. माँटगोमेरीच्या बसबहिष्काराची बातमी त्याने वाचली ती नागपुरातच. आपल्या देशात ज्याची वाट पाहत होतो ते सुरू झाले, हे त्याच्या ध्यानी आले. १९५६ मध्ये तो परतला आणि पुढे नॅशव्हिल शहरात त्याने विद्यार्थ्यांचे वर्ग सुरू केले. शिवी दिली, थोबाडीत मारली, अंगावर सिगारेट विझवली तरी हात उगारायचा नाही, याची चक्क तालीम तिथे होत असे.

फेब्रुवारी १९६० मध्ये हे विद्यार्थी नॅशव्हिलच्या मोठ्या दुकानांतल्या उपाहारगृहांत, जिथे काळ्यांना बसायची बंदी होती, तिथे शांतपणे जाऊन बसले. मार्चमध्ये लॉसन यांना व्हँडरबिल्ट विद्यापीठाने काढून टाकले. एप्रिलच्या मध्याला नॉर्थ कॅरोलिनातल्या रॅली इथे निरनिराळ्या शहरांतले विद्यार्थी कार्यकर्ते एकत्र आले. लॉसन यांचे तिथे भाषण झाले. झिल्फिया १९५६ मध्ये वारल्यानंतर हायलँडरचे संगीत सांभाळणारा गाय कॅरावान हा तरुण गिटार घेऊन तिथे हजर होता. त्याने हे गाणे सुरू केले. विद्यार्थी उभे राहिले, त्यांनी हात आडवे गुंफले आणि डोलू लागले. ही मुले आपापल्या गावी परतली तेव्हा गाणे त्यांच्याबरोबर गेले. सत्याग्रहाची शिस्त आणि हे गाणे, दोन्ही एकाच वेळी दक्षिणेत पसरले ते असे.

१९ एप्रिल १९६० रोजी पहाटे नॅशव्हिलमध्ये विद्यार्थ्यांचे वकील लूबी यांच्या घरावर बाँब टाकला गेला. त्याच दिवशी हजारो माणसे एक शब्द न बोलता नगरपालिकेपर्यंत चालत गेली. पायऱ्यांपाशी कॅरावानने गाणे धरले आणि लोकांनी उचलले. डायान नॅश या विद्यार्थिनीने महापौरांना सगळ्यांसमोर सरळ प्रश्न विचारला, की रंगावरून असा भेदभाव करणे तुम्हाला योग्य वाटते का? ते योग्य नाही, हे महापौरांना कबूल करावे लागले. १० मे रोजी काही उपाहारगृहे सर्वांसाठी खुली झाली.

या गाण्यात असे आहे तरी काय?

कवितेच्या दृष्टीने पाहिले तर फारसे काही नाही. एकच ओळ पुन:पुन्हा येते. अलंकार नाहीत, कल्पना नाहीत. चळवळीतल्या इतर कितीतरी गाण्यांपुढे ते नीरस वाटते. पण हेच त्याचे बळ आहे. पुस्तक लागत नाही, वाद्य लागत नाही, आवाज चांगला असावा लागत नाही. आपल्या भजनात एकाने म्हणायचे आणि बाकीच्यांनी झेलायचे अशी रीत असते, तसेच इथेही आहे. पहिले दोन शब्द ऐकले की बाकीचे आपोआप येतात. आणि प्रसंग पडेल तसे कुणीही नवे कडवे जोडू शकते, चौदा वर्षांच्या मुलीने जोडले तसे.

शिवाय संथ गाणे म्हणताना श्वास लांब घ्यावा लागतो. घाबरलेल्या माणसाचा श्वास आखूड होतो. शेजाऱ्याचा हात हातात असला की पळून जाणेही सोपे राहत नाही. जमावाला शांत आणि एकत्र ठेवण्याचा याहून स्वस्त उपाय कुणाला सापडलेला नाही.

१९६१ च्या उन्हाळ्यात बसगाड्यांतला वर्णभेद मोडण्यासाठी निघालेल्या ‘फ्रीडम रायडर्स’ तरुणांना मिसिसिपीतल्या पार्चमन तुरुंगात डांबले. तिथे ते दिवसरात्र गात. गाणे बंद करा, नाहीतर गाद्या काढून घेऊ, असे पहारेकऱ्यांनी धमकावले. मुलांनी गाद्या देऊन टाकल्या, लोखंडी पत्र्यावर झोपले आणि गात राहिले. दात घासायचे ब्रशही गेले. जगातल्या एका बलाढ्य देशाचा तुरुंग गाण्यापुढे इतका हतबल व्हावा, हे गंमतीचेही आहे.

जुलै १९६२ मध्ये जॉर्जिया राज्यातल्या सॅसर या लहानशा गावी माउंट ऑलिव्ह चर्चमध्ये मतदार नोंदणीसाठी सभा भरली होती. स्थानिक शेरीफ, म्हणजे तिथला पोलीस प्रमुख, आपली माणसे घेऊन आत शिरला. कोण कोण आले आहे त्यांची नावे लिहून घेऊ लागला. नाव लिहिले जाणे म्हणजे उद्या नोकरी जाणे, परवा घर जाणे. लोक आधी पुटपुटल्यासारखे गुणगुणू लागले, मग आवाज चढला. त्या वेळी एक वृत्तपत्राचा बातमीदार तिथे होता. त्याची बातमी न्यूयॉर्कच्या पहिल्या पानावर आली. सप्टेंबरमध्ये ते चर्च कुणीतरी जाळले.

जिथे सर्वांत जास्त गायले गेले

आता दुसरी बाजू. याच जॉर्जियातले ऑल्बनी शहर चळवळीतले सर्वांत सुरेल शहर मानले जाते. बर्नीस जॉन्सन ही तिथली कॉलेजातली मुलगी मोर्चात पकडली गेली म्हणून तिला कॉलेजातून काढले. तुरुंगात आणि चर्चमध्ये ती गाणी उचलून धरी. पुढे १९६२ मध्ये ‘फ्रीडम सिंगर्स’ या चौघांच्या गटातून तिने देशभर फिरून चळवळीसाठी पैसा उभा केला. हीच पुढे बर्नीस जॉन्सन रीगन या नावाने मोठी गायिका आणि संगीत-इतिहासाची अभ्यासक झाली. तिचे एक म्हणणे ध्यानात ठेवण्यासारखे आहे. कृष्णवर्णीयांच्या चर्चमध्ये शंभर माणसे ‘मी’ म्हणतात तेव्हा प्रत्येकाने स्वतःची जबाबदारी घेतलेली असते. ‘आम्ही’ म्हणताना माणूस गर्दीत लपू शकतो, असे तिचे मत होते. म्हणजे ‘मी’चे ‘आम्ही’ होणे हा सरळ फायदाच झाला, असे तिला वाटत नव्हते.

डिसेंबर १९६१ मध्ये ऑल्बनीत काही दिवसांतच पाचशेहून अधिक माणसे तुरुंगात गेली. मार्टिन लूथर किंग स्वतः आले. गाणी तर अशी रंगली, की ऐकणारे अजून आठवण काढतात. पण पोलीस प्रमुख लॉरी प्रिचेट हुशार निघाला. त्याने कॅमेऱ्यांसमोर लाठी उगारली नाही, आसपासच्या जिल्ह्यांतले तुरुंग आधीच राखून ठेवले आणि माणसे शांतपणे गाडीत भरून पाठवली. ऑगस्ट १९६२ मध्ये किंग तिथून परतले तेव्हा एकही मोठी मागणी मान्य झालेली नव्हती.

हे नीट समजून घ्यायला हवे. ऑल्बनीत गाणे कमी पडले नाही, डावपेच कमी पडले. पुढच्या वर्षी बर्मिंगहॅममध्ये तीच चूक टाळली गेली. एका वेळी सगळ्याच गोष्टी मागण्याऐवजी बाजारपेठेवर बहिष्कार हे नेमके हत्यार निवडले. २ मे १९६३ रोजी शाळकरी मुले चर्चमधून गात बाहेर पडली. दुसऱ्या दिवशी त्यांच्यावर पाण्याचे जोरदार फवारे आणि पोलिसी कुत्रे सोडण्यात आले. ती छायाचित्रे जगभर गेली. २ जुलै १९६४ ला नागरी हक्कांचा कायदा झाला.

७ मार्च १९६५ ला सेल्मा गावी मतदानाचा हक्क मागणाऱ्या मोर्चावर पोलिसांनी अमानुष मारहाण केली. आठवड्याभराने, १५ मार्चला, राष्ट्राध्यक्ष लिंडन जॉन्सन संसदेत बोलायला उभे राहिले. ते स्वतः दक्षिणेतले, टेक्सासचे. त्यांनी भाषणात या गाण्याचे शीर्षक जसेच्या तसे उच्चारले. दूरदर्शनवर ते भाषण पाहत असलेल्या किंग यांच्या डोळ्यांत पाणी आले, असे त्या वेळी शेजारी असलेल्या जॉन लुईस यांनी सांगितले आहे. ६ ऑगस्टला मतदानहक्काचा कायदा झाला. मिसिसिपी राज्यात १९६४ मध्ये कृष्णवर्णीयांपैकी जेमतेम ७ टक्के लोकांची नावे मतदार यादीत होती. १९६७ मध्ये हे प्रमाण सुमारे ६० टक्क्यांवर गेले. हे काम गाण्याने केले नाही, केंद्राने पाठवलेल्या नोंदणी अधिकाऱ्यांनी आणि दारोदार फिरलेल्या कार्यकर्त्यांनी केले. पण मार खाण्याची तयारी असलेले हजारो लोक आधी एकत्र टिकून राहिले नसते, तर तो कायदाच आला नसता.

गाण्याचा कंटाळा येणारेही होते. माल्कम एक्स यांनी १९६४ मधल्या भाषणात, तुम्ही गाता फार, अशा शब्दांत चळवळीची टर उडवली. १९६६ पर्यंत अनेक तरुण कार्यकर्त्यांना हे गाणे मवाळ वाटू लागले होते आणि त्यांच्या तोंडी ‘ब्लॅक पॉवर’ ही घोषणा आली. राष्ट्राध्यक्षच आपले गाणे म्हणू लागल्यावर ते आपले कितपत उरले, हा त्यांचा प्रश्न अगदीच चुकीचा म्हणता येणार नाही.

आपल्याकडे आले ते असे

तोवर गाणे अमेरिकेबाहेर पोहोचले होते. १९६८ मध्ये उत्तर आयर्लंडमधल्या कॅथलिकांच्या नागरी हक्क मोर्चांत ते म्हटले गेले. बंगालमध्ये जननाट्य चळवळीतले गीतकार हेमांग विश्वास यांनी ते बंगालीत आणले. हिंदीत ते आणले गिरिजाकुमार माथुर यांनी. ते आकाशवाणी आणि दूरदर्शनशी संबंधित नामवंत कवी होते. सरकारी माध्यमांतून आणि शाळांतून त्यांचे शब्द घरोघर पोहोचले.

मात्र या प्रवासात एक गोष्ट हरवली. मूळ इंग्रजी शब्दात कशावर तरी मात करण्याचा अर्थ आहे. समोर अडथळा आहे, कुणीतरी तो उभा केलेला आहे. ‘कामयाब’ म्हणजे यशस्वी. हा शब्द दहावीच्या परीक्षेलाही चालतो आणि क्रिकेटच्या सामन्यालाही. कुणाविरुद्ध, हा प्रश्नच त्यात उरत नाही. म्हणूनच ते सरकारी कार्यक्रमात बिनधोक म्हटले जाते. १९८३ च्या ‘जाने भी दो यारों’ या चित्रपटात कुंदन शाह यांनी नेमके यावरच बोट ठेवले. भ्रष्टाचाराच्या जाळ्यात अडकलेल्या दोन भाबड्या छायाचित्रकारांच्या कथेत हे गाणे येते आणि हसता हसता प्रेक्षकाचा घसा दाटून येतो. ज्यांना ते फक्त प्रार्थनेच्या वेळचे गाणे म्हणून ठाऊक आहे, त्यांनी हा चित्रपट मुलांबरोबर जरूर पाहावा. आणि एखाद्या संध्याकाळी मुलांना माँटगोमेरीच्या त्या चौदा वर्षांच्या मुलीची गोष्टही सांगावी. शाळेत गाणे शिकवतात, गोष्ट शिकवत नाहीत.

गाणे कुणाचे?

१९६० च्या दशकाच्या सुरुवातीला या गाण्याचे स्वामित्वहक्क नोंदवले गेले. कुणा व्यापाऱ्याने ते बळकावू नये, हा त्यामागचा हेतू होता, असे सीगर सांगत. सीगर, कॅरावान, फ्रँक हॅमिल्टन आणि दिवंगत झिल्फिया हॉर्टन अशी चार नावे त्यावर आहेत. मिळणारे पैसे एका निधीत जात आणि हायलँडरच्या मार्फत दक्षिणेतल्या कृष्णवर्णीय वस्त्यांतल्या कामांना दिले जात. हेतू चांगला, पण गाणे वापरायला परवानगी लागू लागली. २०१६ मध्ये काही चित्रपट निर्माते न्यायालयात गेले. मुख्य कडव्यावर असा हक्क सांगता येत नाही, असा निकाल २०१७ मध्ये न्यूयॉर्कच्या न्यायाधीशांनी दिला आणि जानेवारी २०१८ मध्ये तडजोड होऊन गाणे सर्वांसाठी खुले झाले.

नोंदलेली चारही नावे गोऱ्यांची होती. चार्ल्सटनच्या थंडीत रोज संध्याकाळी गाणे सुरू करणाऱ्या ल्युसिल सिमन्सचे नाव त्या कागदावर कधीच नव्हते.